टेबलांची बेचाळीस कुंपणं

मुलांनो, आधी एक काम करा. एक जेवायचं टेबल डोळ्यांसमोर आणा. टेबल नसेल तर मोठं ताट चालेल. त्यावर काठोकाठ भरलेली सूपची वाटी ठेवा. आता ते हळूच डावीकडे कलतं करा. मग उजवीकडे. पुन्हा डावीकडे. वाटी कुठे गेली? तुमच्या मांडीवर. आता अशी बेचाळीस टेबलं आणा, प्रत्येकाभोवती आठ माणसं बसवा (एकूण किती झाली ते तुम्ही मोजा, मी थांबतो), आणि हे सगळं एका बोटीच्या पोटात आहे असं समजा. जमलं? मग पुढची गोष्ट कळायला काही अडचण नाही.

ही बोट पन्नास वर्षांची होती. तिच्यावर काम करणारी माणसं तिला ‘थोरली’ म्हणत. घरात थोरली बहीण असते ना, सगळ्यांचं करणारी आणि करता करता कुरकुरणारी, तशी. पहिली सत्तावीस वर्षं थोरलीचं काम अगदी सरळ होतं. ह्या किनाऱ्यावर माणसं घ्यायची, सहा दिवस समुद्र कापायचा आणि त्या किनाऱ्यावर माणसं उतरवायची. कोणी नोकरीला निघालेलं, कोणी लग्नाला, कोणी आजारी आईला भेटायला. बाहेरून ती कोळशासारखी काळी होती. वाटेत वादळ आलं म्हणून वळसा घ्यायची तिला मुभा नव्हती, कारण तिच्या पोटात टपालाच्या थैल्या असत आणि टपाल वेळेवर पोचायलाच हवं होतं.

मग विमानं आली. सहा दिवसांची वाट लोक सात तासांत जाऊ लागले. तेव्हा आठवडाभर डोलत कोण बसणार? एक अख्खा हिवाळा थोरली धक्क्याला नुसती बांधून पडली. तिच्या मालकांनी डोकं खाजवलं आणि ठरवलं, की ज्यांना पोचायची घाई आहे ते काही आता आपल्याकडे येत नाहीत, तर ज्यांना कुठेच पोचायचं नाही त्यांना बोलवू. थोरलीला पांढरा रंग दिला. टपालाच्या कोठाराच्या जागी पोहायचा तलाव झाला. दाटीवाटीच्या स्वस्त खोल्यांच्या भिंती पाडून नाचाचं दालन केलं. तेव्हापासून पुढची तेवीस वर्षं ती उबदार, शांत पाण्यातून सहलीची माणसं फिरवत होती. आठवडाभर बेटं दाखवायची आणि जिथून निघाली तिथेच परत आणून सोडायचं.

बोटीवरचा सुतार म्हणे, “आधी लोक पोचायला चढायचे, आता परत यायला चढतात.”

हा सुतार म्हणजेच आपल्या गोष्टीतला मुख्य माणूस. त्याला सगळे ‘असूदे मिस्त्री’ म्हणत. मोडकी कडी असो, वाकडा खिळा असो, वीतभर उरलेली फळी असो, मिस्त्री ती उचलणार, फुंकर मारणार आणि म्हणणार, “असू दे. कधीतरी लागेल.” घरी त्यांची बायको सांगायची, की आमच्या घरात माणसं तीन आणि ‘असू दे’ तीनशे, त्यामुळे पाहुणा आला तर त्याला उभंच राहावं लागतं.

मिस्त्री अठराव्या वर्षी थोरलीवर चढले. तेव्हा तिथे एक म्हातारे थोरले मिस्त्री होते. जेवणाच्या दालनाची सगळी टेबलं त्यांनीच बनवलेली. टेबलं जमिनीला पक्की जखडलेली, हलायची सोय नाही. आणि प्रत्येक टेबलासाठी एक कुंपण. कुंपण म्हणजे चार बोटं उंचीची लाकडी चौकट. तिच्या खालच्या बाजूला सहा खुंट्या, आणि टेबलाला त्याच जागी सहा भोकं. समुद्र खवळला की कुंपण टेबलावर बसवायचं, म्हणजे बशा कितीही घसरल्या तरी काठाला थडकून थांबतात. थोरल्या मिस्त्रींनी ती भोकं मापपट्टी न लावता नजरेनं पाडली होती. त्यामुळे एका टेबलाचं कुंपण दुसऱ्याला बसत नसे. ते सांगायचे, की दोन माणसांचे दात कुठे एकसारखे असतात?

नव्या पोराला त्यांनी पहिल्याच दिवशी एक गोष्ट बजावली होती. “समुद्र त्याचं काम करील, आपण आपलं करायचं. सात वाजता घंटा झाली की दालन उघडलंच पाहिजे. माणूस घाबरलेला असला तरी चार माणसांत बसून जेवला की त्याला धीर येतो.” आणि खरंच, समुद्रात असताना थोरलीचं जेवणाचं दालन एकाही संध्याकाळी बंद राहिलं नव्हतं.

थोरली पांढरी झाली त्या वर्षी मिस्त्रींच्या हाती एक यादी आली. तिच्यात लिहिलं होतं : टेबलांची कुंपणं, नग बेचाळीस, जाळून टाकणे. आता शांत पाण्यात त्यांचं काय काम? मिस्त्रींनी प्रत्येक कुंपणाच्या पोटाला पटाशीने टेबलाचा नंबर कोरला. दारापासचं पहिलं टेबल एक, त्यापुढचं दोन, असं करत बेचाळीसपर्यंत. टेबलांच्या भोकांना त्यांनी लाकडी बुचं मारली, पण सरस लावला नाही. मग सगळी कुंपणं खाली पेट्यांच्या खोलीत नेली. सहलीला येणारे कोण लोखंडी पेट्या आणतात! त्या रिकाम्या खोलीत त्यांनी फळ्यांची एक आडभिंत घातली आणि कुंपणं तिच्यामागे लावून ठेवली. अधिकाऱ्याने विचारलं, तेव्हा ते म्हणाले, “त्यांची सोय केली, साहेब.” खोटं काही बोलले नाहीत. पण खरंही कुणाला सांगितलं नाही, तेवीस वर्षं.

आता थोरली दमली होती. दूरच्या किनाऱ्यावरच्या एका शहराने तिला विकत घेतलं होतं. तिला तिथे धक्क्याला कायमची बांधून तिचं हॉटेल करणार होते. म्हणून शेवटची फेरी जुन्याच वाटेने, सहा दिवस, थेट पलीकडे. तिच्यावर जुने उतारू मुद्दाम हौसेने चढले होते. मिस्त्रींचीही ही शेवटचीच फेरी, त्यांना अठ्ठावन्न पुरी झाली होती. जुन्या कामगारांना घरचं एक माणूस बरोबर न्यायला परवानगी होती. मिस्त्रींच्या बायकोने सांगून टाकलं, की मला बादलीतलं पाणी हललं तरी मळमळतं, तुम्ही नातीला न्या.

नात नऊ वर्षांची. आजोबा जातील तिथे मागोमाग, म्हणून पहिल्याच दिवशी आचाऱ्याने तिचं नाव ‘शेपूट’ ठेवलं. तिला राग आला नाही. तिने एवढंच विचारलं, की शेपटीला खाऊ वेगळा मिळतो की डोक्याच्या वाट्यातूनच? त्यानंतर तिला रोज सकाळी एक जादा बिस्कीट मिळू लागलं. ते ती दालनाच्या टोकाला, झाडाजवळच्या टेबलावर बसून खाई.

झाड म्हणजे खरं झाड नव्हे. बोटीची डोलकाठी वरून खाली येताना दालनातून जायची. हा मांडीएवढा जाड गोल खांब टेबलाच्या अगदी काठाला टेकून उभा होता. सहलीच्या दिवसांत कुणीतरी त्याला तपकिरी रंग देऊन वर कापडाची पानं लावली होती, म्हणून ते माडाचं झाड.

पाचव्या दिवशी सकाळपासून बोट डोलायला लागली. वादळ लांब होतं, पण त्याच्या लाटा इथवर पोचल्या होत्या, लांबलचक आणि सावकाश. घाबरण्यासारखं काही नाही, असं कप्तानाने सगळ्यांना सांगितलं आणि ते खरंच होतं. फक्त काही म्हणता काही जागेवर राहीना. दुपारच्या जेवणाला वाढप्यांनी टेबलावरची कापडं ओली केली, म्हणजे बशा चिकटून राहतात. सहलीच्या वर्षांत तेवढं पुरायचं. आज पुरलं नाही. एकोणीस बशा फुटल्या, आणि एका म्हाताऱ्या गृहस्थांच्या मांडीवर गरम सूप जाता जाता राहिलं.

चारच्या सुमारास जेवणाच्या दालनाची सगळी व्यवस्था बघणाऱ्या बाई मिस्त्रींच्या कामाच्या खोलीत आल्या. मिस्त्री खुर्चीचा पाय जोडत होते आणि शेपूट सरसाचा डबा धरून बसली होती. बाईंनी सांगितलं, की कप्तानसाहेबांनी आज रात्री दालन बंद ठेवायला सांगितलंय. उतारूंना खोल्यांतच पाव आणि उकडलेल्या अंड्यांची पाकिटं द्यायची. थोरलीवरचं शेवटचं मोठं जेवण, तीन दिवसांपासून तयारी चाललेली, आणि आता पाकिटं. आचारी तर कुणाशी बोलतच नाहीये, नुसता कांदे चिरतोय.

बाई गेल्यावर मिस्त्री बराच वेळ खुर्चीचा पाय धरून बसले. उद्या उतरायचं होतं. चाळीस वर्षांत त्यांच्या नावावर एक ठपका नव्हता. तोंड उघडलं तर शेवटच्या दिवशी कळणार, की ह्या माणसाने हुकूम मोडला होता. नाही उघडलं तर पन्नास वर्षांत पहिल्यांदा सातला घंटा व्हायची नाही.

“आजोबा, सरस वाळतोय,” शेपूट म्हणाली.

“वाळू दे,” मिस्त्री म्हणाले आणि उठले. हातातलं काम त्यांनी अर्धवट टाकलेलं शेपटीने पहिल्यांदाच पाहिलं.

कप्तान मिस्त्रींपेक्षा वीस वर्षांनी लहान होता. सहलीच्या काळातला. कुंपणं त्याने कधी पाहिलीही नव्हती. मिस्त्रींनी सगळं उभ्याउभ्याच सांगितलं, यादीपासून आडभिंतीपर्यंत. कप्तानाने कपाटातून जुन्या कागदांची फाईल काढली, एक पान शोधलं आणि त्यावर बोट ठेवलं.

“मिस्त्री, इथे लिहिलंय, जाळली. खाली सही आहे.”

“हो साहेब.”

“मग जळालेल्या लाकडाबद्दल मी तुम्हाला काय बोलणार?” त्याने फाईल मिटली. “साडेपाचपर्यंत बसवा. सगळीच्या सगळी बसली तर दालन उघडू. एक जरी टेबल राहिलं तर पाकिटं. आठ माणसांना एकटं पाडून जेवण मांडायचं नाही.”

पेट्यांच्या खोलीतली आडभिंत उघडली, तेव्हा बघायला निम्मी बोट जमली होती. आचारी हातातल्या झाऱ्यासकट आला. त्याला वाटलं होतं, चार-दोन फळ्या असतील. आत बेचाळीस कुंपणं एकाला एक टेकून उभी होती, आणि एकालाही वाळवी लागलेली नव्हती. आचारी म्हणाला, की आजवर कुंपणानं शेत खाल्लेलं ऐकलं होतं, जेवण राखणारं कुंपण आज बघतोय. मग दोघा-दोघांनी एकेक उचललं आणि डोलत, भिंतीला हात देत, वर दालनात नेलं.

मिस्त्रींनी बुचं काढली. दारापासच्या टेबलाच्या कडेला पितळी आकडा होता, एक. एक नंबरचं कुंपण आणलं, भोकांवर धरलं. बसेना. दोन खुंट्या आत गेल्या, चार बाहेर. फिरवून बघितलं, तीच गत. दोन नंबरच्या टेबलाला दोनचं बघितलं. तीन नंबर. ये रे माझ्या मागल्या. एक वाढपी हळूच म्हणाला, की तेवीस वर्षं बोटीच्या तळाशी राहिलेलं लाकूड, फुगणारच. मिस्त्रींनी हात फिरवून पाहिलं. तसं वाटत नव्हतं. पण दुसरं कारणही सुचत नव्हतं. घड्याळात पाच वाजायला दहा मिनिटं होती.

मिस्त्री खाली बसले. पिशवीतून करवत काढली. खुंट्या कापून नव्या जागी ठोकल्या तर काही कुंपणं बसतील. सगळी नाही बसणार, आणि जी कापली ती पुन्हा कधीच आपल्या टेबलाला बसणार नाहीत. थोरल्या मिस्त्रींच्या हातचं काम. त्यांनी एक नंबरचं कुंपण मांडीवर आडवं घेतलं आणि करवत खुंटीला लावली. पण लगेच ओढली नाही.

कुंपणाच्या दुसऱ्या टोकाला शेपूट बसली होती, ते हलू नये म्हणून धरून. त्या बाजूच्या काठाला अर्धगोल खाच होती. तिने सहज खाचेत दंड घालून बघितला. बराच ढिला झाला. मग तिने दोन्ही हातांची मिठी करून खाचेजवळ धरली, जशी ती रोज सकाळी बिस्कीट खाताना खांबाला मारायची.

“आजोबा, ह्यात झाड बसतं.”

“कोणतं झाड?”

“तेच की. माझं.” तिने दालनाच्या दुसऱ्या टोकाला बोट दाखवलं.

मिस्त्रींनी करवत खाली ठेवली. ते त्या खाचेकडे बघत राहिले, मग दूरच्या त्या माडाकडे, मग दाराकडे. आणि एकदम हसायला लागले. बाईंना वाटलं, माणसाच्या डोक्यावर परिणाम झाला.

झालं होतं ते असं. थोरली काळी होती तेव्हा दालनाचं दार खांबाच्या बाजूला होतं, आणि मिस्त्रींनी नंबर कोरले ते त्या दारापासून. पुढे तलावाकडचा जिना झाला, जुनं दार बुजवलं आणि समोरच्या टोकाला नवं दार काढलं. मग नव्या दारापासून टेबलांना नवे पितळी आकडे ठोकले. कोणी ठोकले? मिस्त्रींनीच, स्वतःच्या हाताने, कुंपणं लपवल्यावर जेमतेम पंधरा दिवसांनी. काखेत कळसा आणि गावाला वळसा म्हणतात, तो हा.

म्हणजे एक नंबरचं कुंपण आता कोणत्या टेबलाचं? बेचाळीस. दोनचं? एकेचाळीस. तीनचं चाळीस. दोन्ही आकड्यांची बेरीज दर वेळी त्रेचाळीस येते, तुम्ही करून बघा. शेपटीला ते तिसऱ्या कुंपणालाच कळलं. ती टेबलावर उभी राहून ओरडून आकडे सांगू लागली आणि वाढपी धावू लागले. “अकरा कुठे?” “बत्तीसला!” “वीस?” “तेवीसला!” आचाऱ्यानं मुद्दाम विचारलं, “त्रेचाळीस?” ती म्हणाली, “ते तुमच्या डोक्यावर.”

पहिलं कुंपण खांबापाशी नेलं, तेव्हा खाच खांबाला जाऊन भिडली आणि सहाच्या सहा खुंट्या टक् करून खाली गेल्या. मिस्त्रींनी तळहाताने चारी बाजू दाबून बघितल्या. केसभर हलत नव्हतं. सव्वापाचला शेवटचं कुंपण बसलं. कप्तानाने येऊन एका काठाला हाताने रेटा दिला आणि तो म्हणाला, की बाई, सातला घंटा करा.

आणि घंटा झाली. तीनशे छत्तीस माणसं जेवायला बसली. सूपच्या वाट्या डावीकडे सरकल्या, काठाला लागून थांबल्या, मग उजवीकडे सरकल्या, थांबल्या. एक पांढऱ्या केसांच्या बाई ह्याच वाटेने नवी नवरी म्हणून गेल्या होत्या. त्या कुंपणाच्या काठावर दोन बोटं ठेवूनच सगळं जेवल्या. स्वयंपाकघराच्या दारातून आचारी पाहत होता. पहिला सूपचा मोठा कुंडा घसरला, काठाला ठक्कन लागला आणि तिथेच राहिला. आचाऱ्याचा जीव भांड्यात पडला, आणि भांडं टेबलावरच होतं.

मिस्त्री आणि नात बेचाळीस नंबरला बसले होते, झाडाजवळ. मिस्त्रींनी दोनदा सूप घेतलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी समुद्र निवळला आणि दुपारी समोर किनारा दिसायला लागला. कुंपणं काढून दालनात पालथी रचून ठेवली होती. नवे मालक बोटीवरच्या वस्तूंची यादी करणार होते, खुर्च्या किती, आरसे किती. कप्तान जाता जाता मिस्त्रींना म्हणाला, की कागदावर ही कुंपणं जळालेली आहेत, त्यामुळे ती यादीत येऊ शकत नाहीत. तेव्हा त्यांचं काय करायचं ते मिस्त्रींनीच ठरवावं, आणि हवं असेल तर एखादं घरी न्यावं.

मिस्त्री नातीला घेऊन त्या राशीपाशी आले. खाच असलेलं कुंपण तिला देऊन टाकावं, असं त्यांच्या मनात होतं. घरी बायको काय म्हणेल, तेही त्यांना ठाऊक होतं.

शेपटीने त्या कुंपणाच्या खाचेवरून हात फिरवला आणि मान हलवली. “हे नेलं तर इथलं एक टेबल उघडं राहील.”

“अगं, आता ही धक्क्याला बांधलेली राहणार. इथे कुठल्या लाटा?”

“असू दे,” ती म्हणाली.

मिस्त्रींनी कानामागची पेन्सिल काढून तिच्याकडे दिली, कारण तिने हात पुढे केला होता. ती गुडघ्यांवर बसली. एक नंबरच्या कुंपणाच्या पोटावर, कोरलेल्या आकड्याखाली, जीभ दातात धरून तिने ठळक अक्षरात लिहिलं : ‘जुन्या दारापासून मोजा. झाडाकडून.’ लिहिलेलं एकदा वाचून बघितलं, फुंकर मारली आणि दुसरं कुंपण पुढे ओढलं.